जुव्यांच्या मुलखात एक सकाळ

प्रवासवर्णन म्हटले की हिमालय, रामेश्वर, निदानपक्षी म्हैसूर-उटी तरी असावी, अशी आपल्या घराघरांतून समजूत असते. आपल्याच दारावरून वाहणाऱ्या नदीत पाच तास बसून आलेल्या माणसाने लेखणी उचलावी, हे वाचकांना थोडे धारिष्ट्याचेच वाटेल. पण आमची कैफियत अशी की, मांडवीच्या काठी पन्नासांहून अधिक वर्षे काढूनही आम्ही ही नदी पाहिलीच नव्हती. आम्ही ती फक्त ओलांडली होती. १९८६ च्या जुलैत पणजीचा नेहरू पूल कोसळला तेव्हा आम्ही अकरावीत शिकत होतो. पुढे कित्येक महिने बेतीच्या धक्क्यावर फेरीबोटीची वाट पाहात, पुस्तके उराशी धरून, आम्ही ही नदी रोज दोनदा पार केली. ओलांडणाऱ्याचे लक्ष पलीकडच्या काठावर असते. नदी कोठून येते, कोणाच्या शेताला वळसा घालते, कोणाचे देव तिने या तीरावरून त्या तीरावर नेले, हा विचार त्याला शिवत नाही.

तो विचार करण्याचा योग आला आमच्या मातुःश्रींमुळे. त्यांचे माहेर कुंभारजुव्याचे. वय ८४, गुडघे चालत नाहीत, पण स्मरण लख्ख आहे. आमच्या आजोबांची तेथे पाण्याकाठी खाजन शेती होती. मामा निवर्तले, मामेभाऊ नोकरीनिमित्त मुंबईस स्थायिक झाला आणि शेताकडे पाहण्यास घरचे कोणी उरले नाही. गेल्या पौषात मामेभाऊ चार दिवसांसाठी आला तो मनाशी काही ठरवूनच. “दादा, तो तुकडा कोणाला तरी देऊन मोकळे होऊ या,” तो म्हणाला, “आत्याचा रुकार मिळाला की झाले.” मातुःश्रींनी होकारही दिला नाही, नकारही दिला नाही. एवढेच म्हणाल्या, “आधी बघून या. रस्त्याने नको, पाण्याने जा. खाजन पाण्यावरूनच नीट दिसतं. आणि मानशीचं दार जाग्यावर आहे का, तेवढं मला येऊन सांगा.”

पंचांगातली भरती

जाण्याची वेळ आम्ही पंचांग पाहून ठरविली. कोकणपट्टीतला जुना हिशेब असा की, तिथीच्या आकड्याची पाऊणपट केली म्हणजे पूर्ण भरतीची वेळ साधारणपणे हाती येते. आमचा रविवार वद्य चतुर्दशीचा; चौदाची पाऊणपट साडेदहा. समुद्राच्या मुखापासून जसजसे आत जावे तसतशी ही वेळ थोडी पुढे सरकते. म्हणजे सकाळी सातला निघालो तर चढत्या पाण्याबरोबर वर जाता येईल आणि होडीच्या यंत्राला फारसे श्रम पडणार नाहीत. आमच्या शाळेतील गणिताच्या शिक्षकांनी हा हिशेब दोनदा तपासला. ते आणि भूगोलाच्या शिक्षिका, सौभाग्यवती, मामेभाऊ आणि आम्ही अशी पाच माणसे; शिवाय होडीचा धनी तांडेल. सौभाग्यवतींनी उंडे, सुकी भाजी आणि चहाचा थर्मास बरोबर घेतला होता.

पणजीहून रायबंदरला जाणारा रस्ता हाच मुळी पाण्यावरचा आहे. १६३३-३४ साली पोर्तुगीज व्हाइसरॉय लिन्यारिश याच्या कारकीर्दीत दलदलीवर बांधलेला तीन किलोमीटरांहून लांब असा हा जांभ्या दगडाचा सेतू आजही वाहतूक वाहतो. रायबंदरच्या धक्क्यावर पोहोचलो तेव्हा पूर्वेला नुकते तांबडे फुटले होते. चोडणला जाणारी फेरीबोट माणसे, दुचाक्या आणि दुधाच्या किटल्या घेऊन सुटत होती. पायी उतारूला या फेरीचे भाडे पडत नाही. तिच्या मागून आमची लहानशी होडी पाण्यात शिरली.

डाव्या हाताला चोडणचे टोक. तेथील कांदळवनातच सलीम अली पक्षी अभयारण्य आहे. क्षेत्रफळ अवघे १.७८ चौरस किलोमीटर. १९८८ साली ते घोषित झाले आणि आदल्याच वर्षी निवर्तलेल्या त्या थोर पक्षितज्ज्ञाचे नाव त्यास देण्यात आले. तांडेलाने यंत्र बंद करून वल्हे हाती घेतले. त्याबरोबर इतका वेळ आपण किती गोंगाट करीत होतो ते कळले. चिखलातून वर आलेली तिवरांची श्वासमुळे खिळ्यांच्या चटईसारखी दिसत होती आणि चढणारे पाणी त्यांना एकेक करून झाकीत होते. एक खंड्या सूर मारून परत त्याच फांदीवर बसला. पाणकावळे पंख पसरून उन्हाची वाट पाहात होते. शिक्षिकाबाई हळू आवाजात म्हणाल्या, “सर, कांदळवनाचा धडा आपण दरवर्षी शिकवतो. आज पहिल्यांदाच वास आला.” तो वास चिखलाचा, मिठाचा आणि कुजणाऱ्या पानांचा होता. धड्यात तो नाही, हे खरे.

देव ज्या पाण्यावरून गेला

चोडण आणि दिवाडी या बेटांमधून वर सरकताना दोन्हीकडे नारळीच्या रांगा, मध्येच एखादे पांढरे चर्च, काठाला बांधलेल्या होड्या. उजवीकडच्या दिवाडीच्या उत्तर काठावर नार्वे नावाचा वाडा आहे. समोर पलीकडच्या डिचोलीच्या काठावर जे गाव आहे तेही नार्वेच. एकाच नावाची दोन गावे समोरासमोर कशी, हा प्रश्न आमच्या गणिताच्या शिक्षकांना पडला, आणि मराठीच्या माणसाला बोलण्याची संधी मिळाली.

गोव्याच्या कदंब राजांचे कुलदैवत श्रीसप्तकोटीश्वर. त्याच्या कृपाप्रसादाचा उल्लेख ते आपल्या नाण्यांवर अभिमानाने कोरीत. देवाचे मूळ स्थान दिवाडीवरील नार्व्यास. बहमनी स्वारीत चौदाव्या शतकात देऊळ भंगले. विजयनगरच्या माधवमंत्र्याने ते पुन्हा उभारले. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी ते पाडले. तेव्हा देवाचे लिंग नदीपार, पोर्तुगीज सत्तेबाहेरच्या हिंदळे गावी नेण्यात आले. देव गेला, आणि त्याच्या मागोमाग गावाचे नावही पाणी ओलांडून गेले. हिंदळ्याचे नार्वे झाले. १६६८ साली छत्रपती शिवाजी महाराजांनी तेथे देवालयाच्या जीर्णोद्धाराची आज्ञा केली. तो शिलालेख आजही देवळात आहे. अलीकडे २०२३ मध्ये राज्य शासनाने केलेल्या नूतनीकरणानंतर मंदिर पुन्हा भाविकांसाठी खुले झाले.

मंदिर काठापासून आत आहे. होडीतून दिसत नाही. सौभाग्यवतींनी उतरून दर्शन घेण्याचा मनोदय सांगितला, तेव्हा तांडेल म्हणाला, “बाई, देव चारशे वर्षं थांबलाय, अजून थांबेल. भरती थांबत नाही.” आम्ही होडीतूनच हात जोडले. दोन्ही नार्व्यांच्या मधून फेरीबोट ये-जा करीत होती. ज्या पाण्यावरून कोणे एके काळी रात्रीच्या अंधारात भेदरलेल्या माणसांनी देव नेला असेल, त्यावरून आता भाजीवाल्या बाया हसत-बोलत जात होत्या.

सांगड

दिवाडीला वळसा घालून पुढे गेलो की मांडवीच्या फाट्यांत लहानलहान बेटे लागतात. येथील बोलीत बेटाला ‘जुवे’ म्हणतात. सांत इस्तेव्ह या बेटाला तर लोक नुसते जुवेच म्हणतात, आणि तेथील सात शिरांची लांब भेंडी साऱ्या गोव्याच्या बाजारात नावाने विकली जाते. कुंभारजुवे त्याला लागूनच. येथून कुंभारजुव्याचा कालवा सुरू होतो. मांडवीला जुवारीशी जोडणारा हा सुमारे १७ किलोमीटरांचा जलमार्ग. पावसाळ्यात आग्वादजवळचे मांडवीचे मुख वाळूच्या दांड्यामुळे धोक्याचे होते. त्या दिवसांत लोहखनिजाच्या बार्जी याच मार्गाने जुवारीत उतरून मुरगाव बंदर गाठीत.

एके काळी हे पाणी म्हणजे दोन राज्यांची सरहद्द होती. अलीकडे पोर्तुगीज, पलीकडे आधी आदिलशाही आणि मग इतर सत्ता. त्यामुळे या बेटांवरील अनेक दैवते पैलतीरी गेली. माशेलच्या श्रीशांतादुर्गा कुंभारजुवेकरणीच्या नावातच तिचे मूळ गाव राहिले आहे. आणि गणेशोत्सवात सातव्या दिवशी कुंभारजुव्याला जो उत्सव होतो त्याचे नाव ‘सांगोड’. दोन होड्या शेजारी-शेजारी बांधून त्यांवर फळ्यांचा मंच करतात, मंचावर पौराणिक आणि ऐतिहासिक प्रसंगांचे देखावे उभे राहतात आणि अशा सजलेल्या होड्या पाण्यातून मिरवीत गणेशाचे विसर्जन होते.

‘सांगोड’ म्हणजेच आपली ‘सांगड’. आपण निबंधात सर्रास लिहितो की, ज्ञानाची आणि आचरणाची सांगड घातली पाहिजे. आम्हीही तीस वर्षे मुलांच्या वह्यांत हे वाक्य वाचून खूण करीत आलो. पण सांगड म्हणजे पाण्यावर तरण्यासाठी एकत्र बांधलेली जोडी, मग ती भोपळ्यांची असो, ओंडक्यांची असो वा होड्यांची, हा तिचा मूळ अर्थ आम्ही कोशात वाचला होता, डोळ्यांनी पाहिला नव्हता. तांडेलाने काठाला बांधलेल्या दोन होड्यांकडे बोट करून, दोर कोठे घ्यावा आणि आडवे बांबू कसे घालावेत, ते समजावून दिले. एकटी होडी माणसे एका बाजूला झाली की कलते. जोडी कलत नाही.

मगरींची चौकशी ओघानेच झाली. या कालव्याच्या मचूळ पाण्यात मगरी राहतात. बोलीत त्यांना ‘मानगे’ म्हणतात. परंतु भरतीने चिखलाचे काठ झाकले होते, त्यामुळे त्या दिसल्या नाहीत. “ओहोटीला या, ऊन खात पडलेल्या दाखवतो,” तांडेल म्हणाला. दुसऱ्या दिवशी पौष अमावास्या होती. फोंडा तालुक्यातील बोरी-दुर्भाट परिसरात त्या दिवशी ‘मानगे थापणी’ होते. नदीकाठच्या चिखलाची मगर करून, तिला शिंपल्यांचे खवले लावून तिची पूजा करतात. तिने माणसांना आणि शेताच्या बांधांना राखावे, ही त्यामागची भावना. ज्याचे भय त्याच्याशीच सलोखा करण्याची ही रीत आम्हांला फार शहाणपणाची वाटली.

मानशीचे दार

दहाच्या सुमारास मामेभावाने हात वर केला. “ते आपलं भाट. त्याच्या खालचं शेत.” आम्ही पाहिले. शेत नव्हते. बांध एका जागी फुटून दोन्हीकडची माती वाहून गेली होती आणि आत जेथे आजोबांचे भात उभे राही तेथे तिवरांचे दाट हिरवे रान माजले होते. होडी त्या खिंडारातून सरळ शेतात शिरली. लहानपणी ज्या चिखलात आम्ही मामांबरोबर अनवाणी उभे राहिलो होतो, त्यावरून आता चार हात पाणी होते.

वाचकांस खाजन म्हणजे काय, हे येथे सांगितले पाहिजे. भरतीच्या खाऱ्या पाण्याखाली जाणारी सखल जमीन मातीचे बांध घालून राखायची आणि तीत भात पिकवायचे, ही गोव्याच्या गावकऱ्यांनी शतकानुशतके जोपासलेली विद्या. असे खाजन गोव्यात सुमारे १८,००० हेक्टर आहे. बांधात एक दगडी मोरी असते. तिला लाकडी झडप. हीच मानस. भरती चढली की बाहेरच्या पाण्याच्या रेट्याने झडप आपोआप मिटते. ओहोटी लागली की आतल्या पाण्याने आपोआप उघडते. माणसाने हात लावावा लागत नाही. आतल्या बाजूला ‘पोंय’ नावाचे तळे असते. त्यात पाणी साठते, मासे वाढतात. ओहोटीला मानशीच्या तोंडाशी जाळे लावून ते धरतात. या मासळीच्या लिलावाचा पैसा बांधाच्या डागडुजीला उपयोगी पडे. पावसाने मीठ धुऊन नेले की कोरगुट, आसगो असे खारटपणा सोसणारे भात पेरायचे. गावकरी संस्था हे सारे पाहात असे. १९६४ च्या कूळ कायद्यानंतर ही जबाबदारी कुळांच्या मंडळांकडे आली. कसणाऱ्याला हक्क मिळाला, हे योग्यच झाले. पण ज्या गावांत ही मंडळे निजली, तेथील बांधही निजले.

आमची स्थिती त्यातही चमत्कारिक. दर पावसाळ्यात मुलांना घेऊन आम्ही कांदळवनाची रोपे लावतो. तिवर किनारा राखतो, मासळीला आसरा देतो, हे मुलांना पटवून देतो. आणि ते खोटे नाही. तेच तिवर आज आमच्या आजोबांच्या भातशेतात मुळे रोवून उभे होते. कायद्याने ते तोडता येत नाहीत आणि तोडावेत असे आमच्याने म्हणवतही नव्हते. मामेभाऊ बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, “दादा, विकायला तरी काय उरलंय?”

उरले होते. खिंडारापलीकडे एक आतला बांध शाबूत होता आणि त्यामागे कापणी झालेल्या भाताची धसकटे पिवळी दिसत होती. बांधावर एक वृद्ध गृहस्थ कमरेइतक्या चिखलातून मातीचे गोळे काढून एका पाझरत्या जागी थापीत होते. आम्ही होडी लावली. ओळख सांगताच त्यांनी मातुःश्रींचे माहेरचे नाव घेऊन विचारले, “ती आहे ना?” पुढचे बोलणे कोकणीत झाले, येथे ते मराठीत देतो.

“बांध कशाने फुटला?” मामेभावाने विचारले.

“बार्जीच्या लाटांनी पायथा खाल्ला. पण लाटा पूर्वीही होत्या,” ते म्हणाले. “पूर्वी खेकड्याचं भोक पडलं तरी संध्याकाळपर्यंत कोणीतरी बुजवायचं. मग तुम्ही मंडळी शिकलात, नोकरीला लागलात. चांगलं झालं. पण भोक कोणाच्या नजरेला पडेना. आता सहा घरं आहोत. हा आतला बांध तेवढा राखला.”

“मी पैसे पाठवीत जाईन.”

“पाठवा की. पण एक दिवस या. चैत्रात, पावसाआधी, आम्ही सगळे मिळून माती घालतो. बांध कुठं पाझरतो ते पायाला कळतं.”

मग त्यांनी आम्हांला मानस दाखविली. जांभ्याची जुनीच मोरी. दोन्ही बाजूंच्या खाचा शेवाळलेल्या. भरती पूर्ण चढली होती. बाहेरचे पाणी आतल्या पाण्याहून हातभर उंच उभे होते आणि मध्ये लाकडी झडप घट्ट मिटलेली. तिच्या कडेने पाण्याची एक बारीक धार तेवढी झिरपत होती. बाहेर मांडवी, जुवारी आणि त्यांच्यामागचा सारा अरबी समुद्र. आत सहा घरांचे वर्षाचे भात. मध्ये चार बोटे जाडीचे लाकूड. आमचे गणिताचे शिक्षक खाली वाकून ते दार बराच वेळ पाहात राहिले.

तेथून निघालो तेव्हा पाणी फिरले होते. वाटेत उंडे आणि भाजी खाल्ली. बोलणे फारसे झाले नाही. दुपारी बाराला बाणस्तारीच्या पुलाजवळ उतरलो. मामेभावाने तांडेलाचे पैसे दिले आणि चैत्रातला कोणता रविवार सोयीचा पडेल, ते विचारून ठेवले.

ज्या वाचकांना हा प्रवास करण्याची इच्छा होईल त्यांनी कार्तिक ते फाल्गुन या काळात यावे. तांडेलाला आधी गाठून भरतीची वेळ ठरवावी. मगरी पाहावयाच्या असल्यास ओहोटीची. डोक्याला टोपी, पिण्याचे पाणी आणि प्रत्येकाच्या अंगात तरंगते जाकीट असावे. होडी नको असेल त्यांनी रायबंदरहून किंवा जुन्या गोव्याहून फेरीबोटीने दिवाडीस जावे आणि नार्व्याच्या फेरीने पलीकडे उतरून सप्तकोटीश्वराचे दर्शन घ्यावे. बेळगावकडच्या वाचकांना तर ही नदी परकी नाहीच. त्यांच्याच जिल्ह्यात, भीमगडच्या रानात उगम पावून ती म्हादई या नावाने आमच्याकडे येते.

इंदूर, बडोदे, हैदराबाद येथील वाचकांनी आम्हांला वेळोवेळी पत्रे लिहून विचारले आहे की, मूळ गावापासून इतक्या पिढ्या दूर राहून भाषा कशी टिकवावी. आमच्याजवळ मोठे उत्तर नाही. बांधावरच्या त्या गृहस्थांची गोष्ट मात्र सांगावीशी वाटली. पैसे पाठवावेत, पण वर्षातून एक दिवस पाय चिखलात घालावेत, आणि भोक लहान आहे तोवर बुजवावे.

घरी आलो तेव्हा मातुःश्री ओसरीवर वाट पाहात बसल्या होत्या. खालचे शेत गेल्याचे आम्ही जपून सांगितले. त्यांनी ऐकून घेतले. बहुधा त्यांना ते ठाऊकच होते. मग विचारले, “आणि मानस?”

“जाग्यावर आहे. दार नवं बसवलंय.”

“कसल्या लाकडाचं?”

आम्ही मामेभावाकडे पाहिले, त्याने गणिताच्या शिक्षकांकडे. त्या दारासमोर पाऊण तास उभे राहूनही हे विचारण्याचे आम्हां कोणालाच सुचले नव्हते.

“माट्टीचं असेल तर टिकेल,” मातुःश्री म्हणाल्या. माट्टी म्हणजे आपला ऐन. “चैत्रात जाल तेव्हा विचारून या.”